घर किती फुटांचं होतं ते आधी लिहा

या महिन्यात आलेल्या प्रश्नांत पाच जणांचे प्रश्न एकाच जागी येऊन थांबत होते, घर आणि आजूबाजूची वस्ती. कुणाला वाचायला हवंय, कुणाला लिहायचंय, एकीला परीक्षेसाठी हवंय. म्हणून या वेळी बाकीचे प्रश्न बाजूला ठेवले, त्यांची उत्तरं पुढच्या अंकात नक्की.

प्रश्न: ताई नमस्कार. मी नायगावच्या बीडीडी चाळीत जन्मलो, आता वय 58. आमची बिल्डिंग रिडेव्हलपमेंटसाठी रिकामी केली, सध्या आम्ही भाड्याच्या जागेत आहोत. मी सारखा चाळीच्या आठवणी काढतो म्हणून मुलगी म्हणाली बाबा, एखादं पुस्तक द्या म्हणजे मला तरी कळेल तुम्ही काय म्हणताय. मी 'बटाट्याची चाळ' दिलं. ती खूप हसली पण म्हणाली बाबा, हे तुम्ही सांगता तसं नाहीये. आता काय देऊ?

उत्तर: दादा, मुलगी बरोबर बोलली आणि तिने ते ओळखलं याचं मला फार कौतुक वाटलं. पु. लं.चं पुस्तक 1958 चं, ती चाळ पांढरपेशा बिऱ्हाडांची, म्हणजे कारकून, मास्तर, संगीताचे शौकीन अशी सगळी मंडळी. तिला शेवटचं 'एक चिंतन' तेवढं परत वाचायला सांगा, तिथे हसू आपोआप थांबतं. पण तुमची चाळ वेगळ्या कारणाने बांधलेली आणि वेगळ्या माणसांची होती, त्यामुळे पुस्तकंही वेगळी लागणार.

आधी मुलीला एक आकडा सांगा, 160 चौरस फूट. बॉम्बे डेव्हलपमेंट डिपार्टमेंटने 1920 ते 1925 च्या सुमारास वरळी, नायगाव, डिलाईल रोड आणि शिवडी इथे मिळून 207 चाळी उभ्या केल्या, त्यातल्या 42 नायगावच्या. तळमजला अधिक तीन मजले, मधून लांब पॅसेज, दोन्ही बाजूला खोल्या, संडास मजल्यावर सामाईक. आता नवीन घर 500 फुटांचं मिळणार म्हणून सगळे खूश आहेत आणि खूश व्हायलाच हवं, वरळीत 2025 ला पहिल्या चाव्या मिळाल्या तेव्हा तिथल्या आज्यांचे चेहरे टीव्हीवर बघून मलाही रडू आलं. पण 160 फुटांत सात-आठ माणसं कशी राहिली हे कळल्याशिवाय तुमच्या आठवणी मुलीला कळणारच नाहीत, कारण तुमची मैत्री, भांडणं, अभ्यास, आजारपण, लग्नं हे सगळं त्या जागेच्या मापानेच ठरलेलं होतं. दार दिवसभर उघडं असायचं ते माणसं मोकळ्या मनाची होती म्हणून तर होतंच, पण दार लावलं की आत हवा उरत नव्हती म्हणूनही होतं. मी लालबागला वाढले, आमच्याकडे खाटेवर आजोबा, खाटेखाली आम्ही दोघी बहिणी, आई मोरीच्या कडेला आणि बाबा बाहेर गॅलरीत. बाबा घरात झोपलेले मी पहिल्यांदा पाहिले ते ते आजारी पडले तेव्हा.

आता पुस्तकं. पहिलं 'कथा मुंबईच्या गिरणगावाची', नीरा आडारकर आणि मीना मेनन यांनी गिरणी कामगार, त्यांच्या बायका, कार्यकर्ते, शाहीर अशा कितीतरी माणसांना बोलतं करून केलेला इतिहास. मूळ इंग्रजी पुस्तक 2004 चं, त्याच्या नावातच शंभर वर्षं आणि शंभर आवाज आहेत. यात माणसं स्वतः बोलतात, म्हणून मुलीला ते तुमच्यासारखं वाटेल. एका खोलीत पाळीपाळीने झोपणारे गडी, एक पाळी कामावर गेली की दुसरी त्याच पथारीवर, आणि त्यांना दोन वेळचं जेवू घालणाऱ्या खानावळवाल्या बायका. या बायका पुढे संघटित झाल्या, प्रेमा पुरव यांनी 1975 ला अन्नपूर्णा महिला मंडळ काढलं ते त्यांच्याचसाठी. गावकीच्या खोल्या तर तुम्ही पाहिल्याच असतील, एका गावच्या माणसांनी मिळून घेतलेली खोली, भिंतीला पत्र्याच्या ट्रंका. गोव्याच्या लोकांचे धोबीतलावला कूड होते तेही त्याच पद्धतीचे, गावाच्या नावाने चालणारे.

दुसरं जयंत पवारांचं नाटक 'अधांतर', 1997 चं. 'लालबाग परळ' हा सिनेमा याच्यावरच झाला पण मी म्हणेन आधी नाटक वाचायला द्या. 18 जानेवारी 1982 ला गिरणी कामगारांचा संप सुरू झाला, अडीच लाखाच्या आसपास कामगार बाहेर पडले आणि त्यातले बरेचसे परत आत गेलेच नाहीत. नाटक त्या संपाच्या नंतरच्या एका घरात घडतं, आई आणि मोठी झालेली मुलं, कुणाच्याच हाताला धड काम नाही. सगळं एका खोलीत. कुणी चिडलं तर जायला दुसरी खोली नाही, एक जण गुपित बोलतो ते बाकीच्यांना ऐकू येतंच, आणि पवारांनी यातूनच अख्खं नाटक उभं केलंय. मोठा ब्लॉक असता तर ही भांडणं झालीच नसती किंवा वेगळी झाली असती.

तिसरं दया पवारांचं 'बलुतं', 1978. यातलं लहानपण नागपाड्याजवळच्या कावाखान्यात गेलेलं, वडील सुक्या गोदीत कामाला, एकेका खोलीत दोन-तीन बिऱ्हाडं मधे आडोसे करून राहतात. हे मुलीला जरूर द्या, कारण चाळ म्हणजे नुसता गणपती आणि फराळाची ताटं असं चित्र झालंय ते अपुरं आहे. कुठल्या वस्तीत कुणाला खोली मिळायची, कुणाला नाही, हे जातीवर ठरत होतं आणि ते बाजूला ठेवून मुंबईच्या घरांबद्दल खरं काही लिहिताच येत नाही. बाबासाहेबांनीही परळच्या बीआयटी, म्हणजे बॉम्बे इम्प्रूव्हमेंट ट्रस्टच्या चाळीत बरीच वर्षं काढली, 1912 ते 1934. त्या खोल्या आणि तुमच्या खोल्या यांत फार फरक नव्हता.

इंग्रजी चालत असेल तर नीरा आडारकरांनीच संपादित केलेलं 'द चॉल्स ऑफ मुंबई' आहे, 2011 चं. त्यात नकाशे, फोटो, लेख असं सगळं आहे. पण खरं सांगू का, पुस्तकाबरोबर तुम्ही स्वतः एक कागद घ्या आणि तुमच्या खोलीचा नकाशा काढून तिला द्या, कोण कुठे झोपायचं ते नावं घालून.

प्रश्न: मॅम मी एमए हिस्ट्रीला आहे, संभाजीनगर. मला डेझर्टेशनसाठी मुंबईतली घरं हा विषय घ्यायचाय आणि मला कादंबऱ्या वापरायच्या आहेत पण गाईड म्हणतात कादंबरी पुरावा नसतो. मला वाटतं असतो. कोण बरोबर?

उत्तर: दोघंही, पण तुला मेहनत जास्त पडणार. कादंबरीत लिहिलंय म्हणून अमुक सालात खोलीचं भाडं इतकंच होतं असं तू लिहू शकत नाहीस, तिथे गाईड बरोबर. पण भाड्याचा कायदा माणसाच्या पोटात कसा गोळा आणत होता हे कायद्याच्या पुस्तकात सापडत नाही, ते कादंबरीत सापडतं, तिथे तू बरोबर.

एक जोडी करून दाखवते. भाऊ पाध्यांची 'वैतागवाडी' 1964 ची, मुंबईत राहायला जागा शोधणाऱ्या नोकरदार माणसाची कादंबरी. ती नुसती वाचलीस तर वाटेल की बिचाऱ्याचं नशीब वाईट. आता तिच्या शेजारी 1947 चा बॉम्बे रेंट अ‍ॅक्ट ठेव. त्या कायद्याने भाडी सप्टेंबर 1940 च्या पातळीला बांधून टाकली. जो आत होता तो सुरक्षित झाला, त्याला कुणी काढू शकेना, पण मालकाला भाड्यातून काही सुटेना म्हणून त्याने दुरुस्ती सोडली, भाड्याने द्यायला नवीन घरं बांधणं कमी झालं आणि पागडी, म्हणजे खोली मिळवायला भाड्याव्यतिरिक्त द्यायची ठोक रक्कम, जोरात सुरू झाली. म्हणजे नवीन येणाऱ्या माणसाला दार बंद. आता परत कादंबरी वाच, त्या माणसाचे हेलपाटे का संपत नाहीत ते लख्ख कळेल. हे असं दोन्ही बाजूंनी वाचलंस तर कुठलेही गाईड नाही म्हणणार नाहीत.

भाऊ पाध्यांचंच 'वासूनाका' 1965 चं, त्याच्यावर अश्लील म्हणून केवढा गदारोळ झाला होता. तुला ते वेगळ्या कामाला येईल. नाक्यावर दिवसभर उभी राहणारी पोरं तिथे उभी का राहतात? घरात त्यांना बसायला जागाच नाही गं. नाका ही त्यांची बैठकीची खोली होती. टीकाकारांनी भाषेवर इतकं लिहिलं पण हे फार कमी जणांनी पाहिलं असं मला वाटतं, तू यावर एक अख्खं प्रकरण करू शकतेस. त्याच्या जोडीला मधु मंगेश कर्णिकांची 'माहीमची खाडी' घे, 1969, म्हणजे चाळीच्याही बाहेर, झोपडपट्टीत काय चाललं होतं ते येईल.

जुनं हवं असेल तर गोविंद नारायण माडगावकरांचं 'मुंबईचे वर्णन', 1863. रेल्वे येऊन दहा वर्षं झालेली मुंबई आहे ती. त्याच्यानंतर आचार्य आणि शिंगणे यांचा 'मुंबईचा वृत्तांत', 1889. ही दोन्ही 1896 च्या प्लेगच्या आधीची आहेत हे फार महत्त्वाचं, कारण प्लेगनंतर 1898 ला इम्प्रूव्हमेंट ट्रस्ट आली, दाट वस्त्या पाडल्या, रस्ते काढले, दादर-माटुंगा आखलं आणि शहराचा नकाशाच बदलला.

आणि एक इंग्रजी पुस्तक तुला घ्यावंच लागेल, निखिल राव यांचं 'हाऊस बट नो गार्डन', 2013. माटुंगा आणि दादरला फ्लॅट ही गोष्ट रुजली कशी याचा इतिहास. आपल्याला आज विचित्र वाटेल पण घराच्या आत, स्वयंपाकघरापासून चार पावलांवर संडास असणं ही गोष्ट पूर्वी लोकांना पटणारी नव्हती, सोवळ्याओवळ्याचा प्रश्न होता. सेल्फ-कंटेन्ड ब्लॉक हा शब्द आपण सहज वापरतो, त्याच्यामागे माणसांनी मन किती बदललं असेल याचा विचार कर. तुझ्या आजीला विचार, त्यांच्या घरी संडास आत कधी आला आणि त्यावर घरात कोण काय बोललं. तुझा पहिला इंटरव्ह्यू तोच.

प्रश्न: मुंबईबद्दल नेहमीच लिहिता. पुण्याच्या वाड्यांवर काहीच नाही का? (एक पुणेकर, शनिवार पेठ)

उत्तर: आहे ना. 1868 चं ना. वि. जोशींचं 'पुणे शहराचे वर्णन' तुमच्याकडे नसेल तर मिळवा. रमाबाई रानड्यांचं 'आमच्या आयुष्यातील काही आठवणी', 1910, हे आपण समाजसुधारणेचं पुस्तक म्हणून वाचतो पण ते मला घराचं पुस्तक वाटतं. नवरा शिकवायला बसलाय आणि घरातल्या मोठ्या बायकांना ते बिलकूल मान्य नाही, दोन्हीकडचं सांभाळत एक मुलगी वाचायला शिकते, आणि हे सगळं एकाच छपराखाली रोज. अलीकडचं म्हणाल तर सचिन कुंडलकरांची 'कोबाल्ट ब्लू', 2006, घरात पेइंग गेस्ट येतो आणि भाऊ-बहीण दोघंही त्याच्यात गुंततात, छोटी कादंबरी आहे, एका बैठकीत होते.

पण तुमची तक्रार मला काही अंशी मान्य आहे. 12 जुलै 1961 ला पानशेत फुटलं, नदीकाठच्या पेठांतले कितीतरी वाडे गेले, माणसं शहराच्या पार दुसऱ्या टोकाला राहायला गेली, पुण्याचं सगळं राहणंच त्या एका दिवसाने हललं. त्यावर अजून एका मोठ्या कौटुंबिक कादंबरीची जागा आहे असं मला वाटतं. तुम्ही शनिवारातले आहात, तुमच्या घरात पाण्याची खूण असेल भिंतीवर, किंवा होती असं सांगणारं कुणीतरी असेल. लिहा.

वाडा पुण्याबाहेरचाही चालत असेल तर एलकुंचवारांचं 'वाडा चिरेबंदी' वाचलंत का? विदर्भातल्या धरणगावच्या देशपांड्यांचा वाडा. कर्ता माणूस गेलाय, अंगणात ट्रॅक्टर गंजत पडलाय आणि आतल्या खोलीतून म्हातारी दादी सारखी किती वाजले विचारतेय. पैसा संपला आणि आब शिल्लक राहिला की घरातल्या बायकांवर काय येतं ते त्यात जसं आलंय तसं मी दुसरीकडे वाचलेलं नाही. आणि तब्येतीत वाचायचं असेल तर श्री. ना. पेंडश्यांची 'तुंबाडचे खोत', 1987, दोन खंड, जगबुडी नदीच्या काठावरच्या एकाच घराण्याच्या पिढ्या. सुट्टी काढून वाचा.

प्रश्न: आपल्या बाहेरचं घराबद्दलचं काही सुचवाल का? आम्हा चार मैत्रिणींचा वाचन ग्रुप आहे. (नाशिक)

उत्तर: दोनच सांगते. ओरहान पामुक यांचं 'इस्तंबूल', 2003. एकच इमारत, मजल्यामजल्यावर काका, आजी, सगळे नातेवाईक, आणि प्रत्येकाची बैठकीची खोली पाहुण्यांसाठी अशी सजवलेली की घरच्यांनाच तिथे बसायला नको वाटतं, कपाटातली काचेची भांडी कधी बाहेर निघत नाहीत. वाचताना तुम्हा चौघींना आपापल्या मावशीचं घर आठवेल बघा.

दुसरं नगीब महफूज यांची कैरोवरची तीन भागांची कादंबरी, 1956-57 ची. पहिल्या भागात अमीना नावाची आई, नवऱ्याच्या धाकाने पंचवीस वर्षं घराबाहेर न पडलेली, लाकडी जाळीच्या सज्जातून गल्ली बघत राहते. एकदा नवरा गावाला जातो, मुलं म्हणतात चल आई, आणि ती जवळच्याच मशिदीत दर्शनाला जाते. येताना गाडीचा धक्का लागतो, गोष्ट लपत नाही, आणि नवरा तिला माहेरी पाठवून देतो. एवढीशी चूक आणि एवढी शिक्षा. मी ते पान वाचून पुस्तक मिटून ठेवलं होतं, दोन दिवसांनी परत घेतलं. तुमच्या ग्रुपमध्ये या एका प्रसंगावरच संध्याकाळ निघेल, कारण आपल्याकडे जाळी नसली तरी 'कुठे गेली होतीस' हा प्रश्न होताच.

प्रश्न: ताई, आई मागच्या वर्षी गेली. तिच्या कपाटात तीन वह्या सापडल्या. बडोद्यातलं माहेर, मग लग्नानंतर मुंबई, सगळं लिहून ठेवलंय तिने, आम्हाला कुणाला माहीतच नव्हतं. पण भाषा साधी आहे, मधेच हिशोब आहेत, रेसिपी आहेत, काही ठिकाणी काकूंबद्दल कडू लिहिलंय. भाऊ म्हणतो नीट कुणा लेखकाकडून लिहून घेऊ आणि छापू. मला भीती वाटते की त्यात आई उरणार नाही. (बडोदा)

उत्तर: भीती अगदी खरी आहे तुमची. भावाला माझ्यातर्फे सांगा की थांब जरा.

लक्ष्मीबाई टिळकांना शाळा कुठली, पण 'स्मृतिचित्रे' 1934 ते 37 मध्ये चार भागांत आलं आणि आज इतक्या वर्षांनी आपण ते वाचतो ते त्यांच्या बोलण्यासाठी. वडिलांच्या सोवळ्यापायी घरात काय काय धुवावं लागायचं ते त्या सांगायला लागल्या की आपण त्यांच्या स्वयंपाकघरात उभे असतो. ती वाक्यं कुणी 'नीट' केली असती तर? उर्मिला पवारांचं 'आयदान', 2003, त्याचं नावच आईच्या हातातल्या बांबूच्या विणकामावरून आलेलं. आईचं काम आणि आईची भाषा हेच सगळं भांडवल आहे त्या पुस्तकाचं.

तर हिशोब काढू नका. एखाद्या पानावर रॉकेलचा, दुधाचा, डॉक्टरचा आकडा असेल तर ते तसंच टाइप करा, तारखेसकट. त्या महिन्यात घरात काय चाललं होतं ते त्या आकड्यांतच आहे, आईने ते वाक्यात लिहिलं नसेल कारण तिला त्याचं वाईट वाटत होतं. रेसिपीही तिथेच राहू दे, मागे वेगळं प्रकरण करू नका. ती जिथे लिहिता लिहिता थांबली आणि रेसिपीकडे वळली तिथे आधी काय लिहीत होती ते बघा एकदा. शुद्धलेखन फार तर सुधारा पण बडोद्याचे गुजराती शब्द तिने वापरले असतील तर त्यांना हात लावू नका, तिचं माहेर त्याच शब्दांत आहे.

काकूंबद्दलचं. काकू हयात असतील किंवा त्यांची मुलं असतील तर छापायच्या आधी तो भाग त्यांना वाचायला द्या, स्वतः जाऊन द्या, व्हॉट्सअ‍ॅपवर नको. त्यांचं म्हणणं वेगळं असेल तर तेही लिहून घ्या आणि त्यांची हरकत नसेल तर दोन्ही शेजारी छापा. हरकत असेल तर तो भाग घरातल्या प्रतीत ठेवा आणि बाहेरच्या प्रतीत गाळा. एका घरात दोन जावा बारा वर्षं एक ओटा वापरत असतील तर कडवटपणा येणारच, पण तो ओटा किती फुटांचा होता हे दोघींपैकी कुणीतरी सांगायला हवं.

हो, ते तुमच्याकडून हवं मला. वह्यांत बहुतेक घराचं वर्णन नसेल, कारण आई त्याच घरात बसून लिहीत होती, तिला ते सांगायची गरज वाटली नसणार. ते तुम्ही भरा. मुंबईतली जागा किती फुटांची, पाणी किती वाजता यायचं आणि कोण भरायचं, पिंप कुठे होतं, दार कुठल्या बाजूला, समोर कोण राहायचं. जुन्या भाडेपावत्या, रेशन कार्ड, गणपती मंडळाचे अहवाल, शाळेचे दाखले शोधा, पत्ते आणि तारखा त्यातून पक्क्या होतील. आणि घरातली मोठी माणसं असतील त्यांना 'तेव्हाचं आयुष्य कसं होतं' असं विचारू नका, सगळे 'छान होतं' म्हणून गप्प बसतात. 'नळाला पहिला नंबर कुणाचा असायचा' असं विचारा आणि रेकॉर्डर चालू ठेवा.

आईच्या तीन वह्या आहेत तशा स्कॅन करून आधी दोन ठिकाणी ठेवा, शाई फिकी होते. आणि आई लिहायची कुठे बसून, कधी, तुम्ही सगळे झोपल्यावर की दुपारी, ते भावंडांना विचारून बघा. कुणालातरी आठवेल.